रिकाम्या खुर्चीपुढच्या माना

मी आयुष्यभर मान हलवायचं काम केलं. कुणी विचारलंच तर सांगते की संगीताच्या वाहिनीवर होते, गायक-वादकांच्या मुलाखती घ्यायचे, गाण्यांचे कार्यक्रम सादर करायचे. ते खोटं नाही. पण प्रश्न विचारायला कितीसा वेळ लागतो? उरलेला सगळा वेळ समोरच्याचं ऐकत मान हलवायची असते. आणि लोकांनी पडद्यावर पाहिलेली माझी एकही मान मी कुणाचं ऐकताना हलवलेली नव्हती.

ते कसं, ते आधी सांगते. पर्वतीच्या पायथ्याशी एका बंद पडलेल्या छापखान्याच्या वरच्या मजल्यावर आमचा स्टुडिओ होता. निळा पडदा, दोन खुर्च्या, कुंडीतलं प्लॅस्टिकचं झाड आणि एकच कॅमेरा. एका कॅमेऱ्यात समोरासमोर बसलेल्या दोन माणसांची तोंडं येत नाहीत. त्यामुळे पाहुणा असेपर्यंत कॅमेरा पाहुण्याकडे. मध्येच कधीतरी माझ्या मागून, खांद्यावरून पाहुणा दिसेल असा एखादा तुकडा घ्यायचे. त्यात माझी पाठ, वेणी आणि पदर यायचा. मुलाखत संपली, चहा झाला, शाल-नारळ झाला, पाहुणा जिना उतरून गेला की कॅमेरा उचलून माझ्यासमोर आणायचे. मग मी तेच प्रश्न रिकाम्या खुर्चीला पुन्हा विचारायचे. प्रश्न संपले की कॅमेरामन म्हणायचा, "चला ताई, माना घेऊ."

हा कॅमेरामन भवानी पेठेतल्या जुन्या मुसलमान कुटुंबातला, घरचं अत्तराचं दुकान भावावर सोपवून या धंद्यात आलेला. त्यानं मानांना नावं ठेवली होती. साधी मान, विचारी मान, कौतुकाची मान, दुःखाची मान. तो मागून नाव घ्यायचा आणि मी खुर्चीकडे बघत ती मान द्यायचे. कधीकधी थांबायचं भान राहायचं नाही, मी आपली हलवतच राहायचे. मग तो कॅमेरा बंद करून शांतपणे म्हणायचा, "पुरे ताई, गेले ते."

त्या माना पुढे एका कोंदट खोलीत मुलाखतीत चिकटवल्या जायच्या. जिथे पाहुणा अडखळला, खोकला, जिथे तुकडा कापावा लागला, तिथे माझी मान. हे काम करणाऱ्याला गाण्यातलं काही कळत नव्हतं, कळावं अशी कुणाची अपेक्षाही नव्हती. त्यामुळे एखाद्या गायकानं बोलताबोलता दोन ओळी गाऊन दाखवल्या की माझी मान भलत्याच ठिकाणी पडायची. दुसऱ्या गावात हे खपून गेलं असतं. पुण्यात नाही. इथे गाणं येवो न येवो, सम कुठे आली हे प्रत्येकाला कळतं, निदान आपल्याला कळतं असं वाटतं. एकदा मंडईत एका गृहस्थांनी मेथीची जुडी हातात धरून मला थांबवलं.

"तुम्ही त्या मुलाखतवाल्या ना? बोलता छान. फक्त कोणी गात असताना मान हलवत जाऊ नका. ऐकणाऱ्याची लय बिघडते."

एवढं बोलून त्यांनी मेथी पिशवीत घातली आणि ते कोथिंबिरीकडे वळले. 

मंडईतल्या अनोळखी माणसाचं एक वेळ सोडून देता येतं. बाबांचं सोडता येत नव्हतं. माझे वडील पेटीवाले होते, म्हणजे गाणाऱ्यांना हार्मोनियमची साथ करायचे. बिबवेवाडीतल्या आमच्या दोन खोल्यांत पेटी सतत उघडी असायची. मला सूर कळायचा, गळा मात्र नव्हता. म्हणून मी बोलण्याच्या बाजूला गेले. माझा पहिला कार्यक्रम बाबांनी शेवटपर्यंत पाहिला. आई कौतुकानं त्यांच्या तोंडाकडे बघत होती.

"समेच्या आधीच मान टाकलीस," बाबा म्हणाले.

मी त्यांना एक कॅमेरा, रिकामी खुर्ची, नंतर चिकटवलेल्या माना, सगळं समजावून सांगितलं. त्यांनी ते नीट ऐकून घेतलं.

"मग हलवू नकोस ना. गप्प बसून ऐकलेलं चालत नाही का तुमच्याकडे?"

चालत नव्हतं. मी दुसऱ्या दिवशी निर्मात्यांना विचारलंही. ते म्हणाले, "अहो मॅडम, तुम्ही हलला नाहीत तर लोकांना वाटेल चित्र अडकलं." मला त्यांचा रागही आला आणि हसूही आलं. मी मान हलवत राहिले.

आता बाबांबद्दल. त्यांनी उमेदीची सगळी वर्षं एकाच गायिकेबरोबर काढली. मोठी बाई. सगळे त्यांना नुसतं बाईच म्हणत, मीही तेच म्हणते. गावोगावच्या मैफिली, नाट्यगृहं, गणपती, लग्नंसुद्धा. फलकावर बाईंचं नाव हातभर अक्षरांत असायचं आणि साथीदारांच्या नावांसाठी जागा उरलेली नसायची. बाई रंगमंचावर तबलजीकडे हसून बघायच्या, तंबोऱ्यावरच्या शिष्येला मायेनं काही सांगायच्या. बाबांकडे त्यांनी कधी वळून पाहिलेलं मी पाहिलं नाही. बाबा घरी यायचे, पेटी कोपऱ्यात ठेवायचे आणि न बोलता जेवायचे. आईला ते फार लागायचं. "एकदा, एकदा तरी तिनं चार लोकांत ह्यांचं नाव घ्यावं," ती म्हणायची. "मी दुसरं काही मागत नाही." बाबांसमोर ती हे बोलायची नाही. ते गेल्यावर येणाऱ्या-जाणाऱ्यांसमोर बोलायला लागली.

बाबा गेल्यानंतर काही महिन्यांनी बाई आमच्या स्टुडिओत मुलाखतीला आल्या. निर्मात्यांनी पुष्कळ खटपट केली तेव्हा कुठे आल्या होत्या. तोवर त्यांनी गाणं सोडलं होतं आणि घराबाहेर पडणंही. दोन शिष्यांनी हाताला धरून त्यांना जिना चढवला. मी जांभळी साडी नेसले होते, आईची, तिनं मुद्दाम कपाटातून काढून दिलेली. "तिला विचार," आई म्हणाली होती. मी विचारणार नव्हते. माझ्या कामाचा आणि माझ्या घराचा संबंध आणायचा नाही हे मी मनाशी ठरवूनच खुर्चीत बसले होते.

मी त्यांना गुरूंबद्दल विचारलं, रियाजाबद्दल विचारलं, हल्लीच्या गाण्याबद्दल विचारलं. त्यांनी सगळ्यांची ठरलेली उत्तरं दिली. मग मी पुढचा प्रश्न विचारणार तेवढ्यात त्यांनी हात वर करून मला थांबवलं.

"तुझे वडील माझ्यामागे पेटी घेऊन बसायचे," त्या म्हणाल्या. "मी ते कधी कुठे बोलले नाही. आज बोलते. साताऱ्याला एका मैफिलीत वरच्या षड्जाला माझा आवाज गेला. गेला म्हणजे गेलाच, नुसती हवा. तुझ्या वडिलांनी तोच सूर पेटीवर धरला आणि असा धरला की समोरच्या एकालाही कळलं नाही. लोकांना वाटलं मीच लावलाय. उठून टाळ्या वाजवल्या. मी मान लववून त्या घेतल्या. त्या दिवशीची टाळी त्यांची होती, बाळ. त्यानंतर मला त्यांच्याकडे बघायची लाज वाटायची, म्हणून मी वळून बघत नसे. लोकांना वाटायचं मला गर्व आहे."

 मला रडू फुटलं होतं. तोंडावर पदर धरून मी रडत होते आणि बाई खाली बघत आपल्या शालीच्या गोंड्यांशी चाळा करत होत्या. कॅमेरा त्यांच्याकडे होता. माझ्या रडण्याचं चित्र कुठेही नाही. माझ्या सगळ्या कारकिर्दीत पाहुण्याचं बोलणं मी खरोखर चेहऱ्यावर घेतलं असेल तर ते त्या क्षणी, आणि ते फक्त बाईंनी आणि कॅमेरामननं पाहिलं.

बाई गेल्यावर त्यानं कॅमेरा वळवला नाही. "माना उद्या घेऊ ताई," तो म्हणाला.

"उद्या तीच साडी, तीच वेणी, तोच चेहरा कोण जमवणार?" निर्माते आतून ओरडले. "पुसा डोळे. हसऱ्या माना पाहिजेत, सणाच्या दिवशी लागणार आहे हा भाग."

मी डोळे पुसले. रिकाम्या खुर्चीकडे बघून हसऱ्या माना दिल्या.

घरी जाऊन आईला सगळं सांगितलं. तिनं शब्द न् शब्द दोनदा ऐकला. मग तिनं शेजारच्या तीन घरांत जाऊन सांगितलं की अमुक दिवशी आमच्याकडे या. पाडव्याच्या सकाळी आमच्या खोलीत खुर्च्या पुरल्या नाहीत. ज्यांच्यासमोर आईनं इतके महिने ते गाऱ्हाणं गायलं होतं ते सगळे लोक होते. तिनं श्रीखंडाच्या वाट्या भरून ठेवल्या होत्या. मुलाखत सुरू झाली. गुरू झाले, रियाज झाला, हल्लीचं गाणं झालं. मग माझी एक हसरी मान आली आणि बाईंनी प्रेक्षकांना सणाच्या शुभेच्छा दिल्या.

तो भाग कापला होता. मला कुणी सांगितलंही नव्हतं.

कुणीतरी वाटी उचलली, कुणीतरी खाकरलं. आईनं टीव्ही बंद केला आणि म्हणाली, "जाहिराती मात्र छान होत्या."

दुसऱ्या दिवशी मी निर्मात्यांच्या अंगावर गेले. ते अजिबात चिडले नाहीत, चिडले असते तर बरं वाटलं असतं. "मॅडम, मुलाखत तुमच्या वडिलांची नव्हती," ते म्हणाले. "आणि बाईंचा आवाज गेला हे सणाच्या दिवशी लोकांना कशाला ऐकवायचं?" मी मूळ टेप मागितली. ती वाहिनीची मालमत्ता आहे असं उत्तर मिळालं. मी आईला पुन्हा सांगितलं की बाई खरंच बोलल्या, मी स्वतः ऐकलं. आई म्हणाली, "तू सांगतेस. ती कुठे सांगतेय?" तिला माझ्यावर अविश्वास दाखवायचा नव्हता. पण मला तो आजपर्यंत टोचतो. त्यानंतर वर्ष व्हायच्या आत बाई वारल्या आणि पुन्हा विचारायची सोय राहिली नाही.

पुढच्या कारकिर्दीबद्दल सांगण्यासारखं थोडंच आहे. माझ्या चेहऱ्याला प्रकाश कमी पडतो असं आधी म्हणू लागले, मग माझ्या भाषेला वजन जास्त आहे असं म्हणू लागले. सकाळचा कार्यक्रम गेला, मग दुपारचा. शेवटी वाहिनीच गेली. त्यानंतर मी सोसायट्यांच्या गणपतीत निवेदन केलं, भोंडल्याच्या स्पर्धेत परीक्षक झाले, कुणाच्या साठीशांतीला जुन्या गाण्यांच्या मधली वाक्यं बोलले. लोक अजून ओळखतात. परवाच एक बाई रिक्षातून उतरताउतरता थांबल्या. "तुम्हाला पाहिलंय हो कुठेतरी," म्हणाल्या. मी पदर सारखा केला. त्या म्हणाल्या, "हां, आमच्या बँकेत होतात ना तुम्ही?" मी हो म्हटलं.

मग गेल्या वर्षी खराडीहून फोन आला. तिथे काचेच्या इमारतीत बसून जुनी गाणी-मुलाखती मोबाईलवर लोकांपर्यंत पोचवणारी एक कंपनी आहे. आमच्या वाहिनीच्या सगळ्या टेपा त्यांनी विकत घेतल्या होत्या. बोलणारा तरुण त्या विभागाचा प्रमुख होता आणि फार अदबीनं बोलत होता.

"मॅम, कंटेंट एकदम रिच आहे. लेजंड्स आहेत. फक्त होस्टचं प्रेझेन्टेशन आत्ताच्या ऑडियन्सला कनेक्ट होत नाही. म्हणजे तुमचं. प्लीज वाईट वाटून घेऊ नका."

त्यांचा बेत असा होता की पाहुण्यांची उत्तरं तशीच ठेवायची, आणि प्रश्न आणि माना एका नव्या मुलीच्या घ्यायच्या. तेवढ्यासाठी त्यांनी तसाच निळा पडदा आणि तशाच खुर्च्या बनवून घेतल्या होत्या. मी येऊन त्या मुलीला बसायचं कसं, बघायचं कसं, मान कशी द्यायची हे शिकवावं, अशी त्यांची इच्छा होती. मी फोन ठेवणार होते. तेवढ्यात माझ्या डोक्यात आलं की मूळ टेपा यांच्याकडे आहेत. न कापलेल्या.

इथे आईचं सांगायला हवं. तिचे कान जायला लागले होते. कानामागे यंत्र लावूनही तिला समोरच्याचे ओठ दिसल्याशिवाय पुरतं कळत नाही. डॉक्टर म्हणाले होते की जे उरलंय तेही हळूहळू जाईल. मला तिला ते एकदा ऐकवायचं होतं, बाईंच्या तोंडून, तिला ऐकू येतंय तोवर. बाकी मला त्या काचेच्या इमारतीतून काहीही नको होतं. मी त्या तरुणाला म्हटलं, मानधन देऊ नका, बाईंच्या मुलाखतीतला तो भाग मला द्या. तो कुठला भाग हेही सांगितलं. "डन, मॅम," तो म्हणाला. "तुम्हाला नक्की मिळेल."

ती मुलगी यवतमाळकडची होती, पुण्यात शिकायला येऊन इथेच राहिलेली. मला तिचा राग येईल अशी मी तयारी करून गेले होते, पण ती भली निघाली. तिनं मला वाकून नमस्कार केला. तिला जांभळी साडी नेसवली होती आणि केसांना गंगावन लावून लांब वेणी घातली होती. मी विचारलं, हे कशाला? तर त्या जुन्या चित्रीकरणातले माझ्या पाठीचे तुकडे ते ठेवणार होते. बाईंचा चेहरा त्यात फार चांगला आला होता म्हणे. म्हणजे पाठ माझी आणि तोंड तिचं. मी त्या तरुणाकडे पाहिलं. तो मोबाईलमध्ये काहीतरी बघत होता.

मी तिला शिकवलं. रिकाम्या खुर्चीत माणूस बसलंय असं समजून त्याच्या भुवयांमध्ये बघायचं. हनुवटी आधी हलवायची नाही, डोळे आधी हलवायचे. साधी मान, विचारी मान, कौतुकाची मान. आणि गाणं चालू असेल तर हात मांडीवर ठेवून बोटानं मात्रा मोजायच्या आणि समेलाच मान द्यायची, नाहीतर अजिबात द्यायची नाही. त्यांच्याकडे बाईंचा आवाज खोलीत वाजवायची सोय होती, त्यामुळे तिला निदान ऐकून मान देता येत होती. आम्हाला कुणी तेवढंही दिलं नव्हतं.

"मॅम, मी बरोबर करून राहिली ना?" ती दर वेळी विचारायची.

ती बरोबर करत होती. दुपारपर्यंत ती माझ्यापेक्षा चांगलं करायला लागली. मी तिला तसं सांगितलं आणि बसनं घरी आले.

काही आठवड्यांनी त्या तरुणाचा निरोप आला. "मॅम, ॲज प्रॉमिस्ड." खाली दुवा होता. मला वाटलं होतं ते मला टेपचा तुकडा पाठवतील. ती लोकांसाठी प्रसिद्ध केलेली मुलाखत होती, आणि सुरुवातीलाच, सगळ्यांत आधी, तोच भाग लावला होता. बाई हात वर करतात. "तुझे वडील माझ्यामागे पेटी घेऊन बसायचे." आणि पडद्यावर त्या मुलीचा चेहरा येतो. मोठे डोळे, त्यात पाणी. ती खाली बघते, मग वर बघते आणि दुःखाची मान देते, मी शिकवलेली. खाली लोकांनी भरभरून लिहिलं होतं. मुलीनं वडिलांचं नाव राखलं. रक्तातच संगीत आहे. एकानं तिला विचारलं होतं की वडिलांचं एखादं ध्वनिमुद्रण आहे का.

मी त्या तरुणाला फोन केला. काय काय बोलले ते आठवत नाही, आवाज चढला होता एवढं आठवतं.  मी थांबल्यावर तो म्हणाला, "मॅम, इमोशनली बेस्ट पार्ट तोच आहे. मागच्या वेळी कापला म्हणून तुम्ही एवढ्या हर्ट झालात. आम्ही ठेवला, तर त्याचाही राग?"

 मी नुसता मूळ तुकडा मागितला. एकदा नवं तयार झालं की जुनं ठेवत नाहीत, जागा अडते, असं तो म्हणाला. संध्याकाळी त्या मुलीचाही फोन आला. "मॅम, ते तुमचे पप्पा होते हे मला कोणी सांगितलंच नाही. मला म्हणे, थोडी इमोशनल हो." ती रडत होती. मी तिला रडू नको म्हटलं. मग फोन ठेवून मी स्वतःवरच चरफडत बसले, कारण तिची समजूत काढायलाही मलाच बसवलं होतं.

आईला दाखवायचं की नाही, यावर मी दोन दिवस घालवले. दाखवलं नाही तर तिला ते कधीच ऐकू येणार नव्हतं. दाखवलं तर तिच्या नवऱ्याचं कौतुक एक परकी पोरगी घेताना तिला बघावं लागणार होतं. शेवटी मी एक युक्ती केली. फोन टेबलावर पालथा ठेवला, आवाज पूर्ण मोठा केला आणि म्हटलं, आई, नुसतं ऐक. तिनं कान पुढे केला. कपाळाला आठ्या घालून ऐकत राहिली.

"कुणीतरी बाई बोलतेय," ती म्हणाली. "काय बोलतेय? तोंड दिसल्याशिवाय मला नाही कळत. सरळ धर तो."

मी फोन सुलटा केला आणि तिच्या चष्म्यासमोर धरला.

बाई दिसल्याबरोबर आईनं त्यांना ओळखलं आणि ताठ बसली. तिचे ओठ बाईंच्या ओठांबरोबर हलत होते. साताऱ्याची मैफल, गेलेला आवाज, पेटीवर धरलेला सूर. माझ्या पाठीचा तुकडा आला तेव्हा ती बोट लावून म्हणाली, "ही पाठ तुझी. साडी माझी." मग मुलीचा चेहरा आला.  "त्या दिवशीची टाळी त्यांची होती, बाळ," असं बाई म्हणाल्या आणि आईनं डोळे मिटून घेतले.  तिच्या चेहऱ्यावर मला वाटलं होतं तसं काही नव्हतं, ना आनंद ना रडू. एखादं जड ओझं खाली ठेवल्यावर माणूस नुसतंच दमलेलं दिसतं, तशी ती दिसत होती.

"म्हणजे लाज वाटायची तिला," ती शेवटी म्हणाली. "मला बाई आयुष्यभर वाटलं, माज आहे." आणि थोड्या वेळानं, "ह्यांनी मला कधी सांगितलं नाही."

मी म्हटलं, मलाही नाही.

"ही पोरगी कोण?"

"आहे एक. माझ्या जागी बसवली आहे."

"बरी आहे," आई म्हणाली. पेटीवाल्याशी संसार केलेली बाई ती, तिला एवढं कळतंच. "हिची मान बरोबर जागी पडते."

 त्यावर बोलून उपयोग नव्हता, यंत्र लावूनही माझं बोलणं तिला अर्धंच पोचतं. तिनं खुणेनं पुन्हा लाव म्हणून सांगितलं. मी पुन्हा लावलं आणि या वेळी फोन तिच्या पाण्याच्या तांब्याला टेकवून ठेवला, म्हणजे दोघींना दिसेल. बाईंनी हात वर केला. तुझे वडील, त्या म्हणाल्या. मी बाईंच्या तोंडाकडे बघत होते आणि मनानं त्या स्टुडिओत, त्या खुर्चीत, पदर तोंडाशी धरून बसले होते. पडद्यावरच्या मुलीनं मान दिली. माझीही मान हलली. ती थांबेना.

आईनं डोळ्यांच्या कोपऱ्यातून माझ्याकडे पाहिलं.

"तू कशाला हलवतेस?" ती म्हणाली. "ती हलवतेय की."